अंगाईतला नंबर

"हे गाणं कुणाचं आहे, भाऊ?" दादांनी विचारलं.

मानवतच्या बसस्टँडसमोरच्या रसवंतीत आमच्या शेजारच्या बाकावर एक कॉलेजातला पोरगा बसला होता. त्याच्या मोबाईलला मागं मोठा स्पीकर होता. आईचा आवाज त्यातून येत होता, जरासा पत्र्याच्या डब्यात बसून गायल्यासारखा, पण आईचाच. आई माझ्या शेजारी रसाचा ग्लास हातात धरून बसली होती. तिनं मान वर केली नाही.

"कुणाचं म्हंजे? माझ्याच फोनमधलंय."

"तसं नाही. म्हणलंय कुणी?"

पोरानं स्क्रीन जवळ धरून बघितली. "ट्रॅक झिरो सेवन."

"बाईचं नाव?"

"नाव नसतंय काका. पवनकडून कार्ड भरून घेतलंय. कोणचं गाणं कुणाचं, कुणाला ठाव." मग तोच हसला. "पण झोप लागती बघा याच्यानं. आमची वहिनी रोज लावती लेकराला."

*नीज गं माझ्या बाळे, उद्या तुझी शाळा, पाटीवरती फुलंल उद्या अक्षरांचा मळा.* ही अंगाई दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, माझ्यासाठी लिहिलेली. मी पाळण्यात असताना. आई माझ्यासाठी गायची, मग 'माणिक खिल्लारे गायन पार्टी'च्या कॅसेटवर शेवटचं गाणं म्हणून ती घेतली. कॅसेटवर बाकी सगळी भीमजयंतीची गाणी, ठसक्याची, ढोलकीची. शेवटी ही एकटी हळू.

तिसरं कडवं संपलं आणि गाणं तिथंच तुटलं. लगेच दुसरं काहीतरी धडधडायला लागलं.

"पुढं?" दादा म्हणाले.

"पुढं काय? एवढंच हाय."

पुढं एक कडवं होतं. आमच्या गायन पार्ट्यांत कवी शेवटच्या कडव्यात आपलं नाव गुंफतो. ऐकणारे त्याची वाट बघत असतात. नाव आलं की कुणीतरी समोरून 'वा' म्हणतं, तेव्हा गाणं पुरं झालं. दादांनी आपल्या नावासोबत आईचंही गुंफलं होतं:

*माणिक म्हणे लेकरा, अंधार जाईल सरून
कौसा गाते तोवर, दिवा हाती धरून.*

आईनं उरलेला रस मला दिला. "चला," ती म्हणाली. "गाडी लागंल."

पण दादा बसस्टँडकडं गेले नाहीत. ते पवनच्या दुकानात गेले.

पवनचं दुकान म्हणजे एक काउंटर, एक कॉम्प्युटर आणि बाहेर पाटी: मेमरी कार्ड भरून मिळेल. दोन माणसं रांगेत होती. पवन चांगला पोरगा होता. त्यानं दादांना स्टूल दिलं.

"कापलं कशाला?" दादांनी विचारलं.

"साइज वाढती काका. लांब गाणी असली की मी शेवटून कापतो. कार्डात जास्ती बसतात. शेवटचं कडवं कुणी ऐकत नाही."

"माझं नाव तिथंच असतंय."

पवननं माउस सोडला. "मला काय ठाव काका. मला कुणीतरी दिलं, त्याला कुणीतरी दिलं. तुम्ही म्हणत असाल तर काढून टाकतो. आत्ता काढतो."

"काढू नको," दादा घाईनं म्हणाले. "काढू नको बाबा. राहू दे."

आई दुकानाच्या पायरीवर उभी होती. तिला हे ऐकू आलं.

मला तेव्हा आठवीत असूनही कळत होतं की दादा कशाला घाबरले. कॅसेटला कव्हर असायचं. त्यावर निळ्या साडीतला आईचा फोटो आणि खाली आमचा मोबाईल नंबर. लोक कॅसेट घ्यायचे, गाणं आवडलं की कव्हर उलटून नंबर लावायचे, आणि जयंतीच्या कार्यक्रमाची सुपारी ठरायची. एप्रिल आणि मे दोन्ही महिने आम्ही गाडीतच असायचो. मग सीडी आली, मग ही कार्डं. गाणी आधीपेक्षा जास्त वाजत होती. रिक्षात, पानटपरीवर, न्हाव्याच्या दुकानात. पण कव्हर गेलं होतं. आईचा आवाज गावोगाव फिरत होता आणि तिला बोलवायचं कुठून, हे कुणालाच माहीत नव्हतं. दादांनी त्या वर्षी सरळ सांगितलं होतं, या एप्रिलात सुपाऱ्या आल्या नाहीत तर पार्टी मोडायची. रंगनाथमामांनी, म्हणजे आमच्या ढोलकीवाल्यांनी, टेम्पोवर ड्रायव्हर म्हणून बोलून ठेवलं होतं. आईसाठी कुणीतरी जिनिंगमध्ये विचारलं होतं, कापसाच्या.

घरी येताना एसटीत दादा खिडकीला डोकं टेकून बसले होते. सेलूचा फाटा गेल्यावर ते एकदम सरळ झाले.

"कौसा, कव्हर नसंल तर गाण्यातच टाकू."

"काय?"

"नंबर."

आईला वाटलं ते थट्टा करतायत. ती हसली. मग तिनं त्यांचं तोंड बघितलं.

*

सिराजभाईंचा स्टुडिओ परभणीत टायरच्या दुकानावर होता. भिंतीला अंड्यांचे ट्रे चिकटवलेले, आवाज घुमू नये म्हणून. एकेकाळी तिथं मागच्या खोलीत कॅसेटींवर कॅसेटी निघायच्या. आता त्या खोलीत सिराजभाईंच्या जावयानं मोबाईलच्या कव्हरांची खोकी ठेवली होती.

"माणिकभाई, मी कित्येक गाणी घेतली," सिराजभाई म्हणाले. "फोन नंबर गाणारा तू पहिला."

"कवी नाव टाकतोच की. नावाच्या जागी नंबर. नाव वाचून कोण येतंय?"

"शेवटी टाकणार?"

"शेवटी टाकला तर कापतील. पहिल्या कडव्याच्या पाठोपाठ."

रंगनाथमामा ढोलकीला शाई घासत होते. "वहिनी, पुढच्या साली कापसाची आधारभूत किंमत बी गाऊन टाका."

सगळे हसले. सिराजभाई हसले नाहीत. ते टेबलावरची वायर गुंडाळत राहिले.

"दुसऱ्या गाण्यात टाकू," ते म्हणाले. "जयंतीच्या. त्यात शोभंल. अंगाईत कशाला? बाईचा आवाज, त्यात फोन नंबर. लोक कसले कसले असतात, भाभी."

आई दादांकडं बघत होती.

"जयंतीचं गाणं कार्डात नाही," दादा म्हणाले. "हे आहे. जे चालतंय त्यातच घालावं लागंल ना, सिराजभाई. बंद पडलेल्या गाडीवर पाटी लावून काय उपेग?"

"बघ बाबा."

"कौसा, तुला काय वाटतं?"

आईनं पदर खोचला. "अंगाईत आकडे बसत नाहीत," एवढंच ती म्हणाली. "बसवून बघते."

ती काचेच्या पलीकडं गेली. मी सोफ्यावर बसून बघत होते. पहिल्या दोनदा तिला जमलं नाही. आकडे टोचत होते, ती थांबायची, मान हलवायची. मग तिनं डोळे मिटले आणि उजवा हात मांडीवर ठेवून थोपटायला लागली, मांडीवर बाळ असल्यासारखी. *अठ्ठ्याण्णव, बावीस.* बावीसमधला 'वी' तिनं इतका लांबवला, इतका मऊ केला, की मला माझे डोळे जड झाल्यासारखे वाटले. पुढचे आकडे मी इथं लिहीत नाही. शेवटी ओळ होती, *गावोगावी गाऊ आम्ही, नंबर ठेवा ध्यानी.*

सिराजभाईंनी मशीन थांबवलं.

"काय बाई आहेस तू, भाभी," ते म्हणाले. "नंबराला पण झोपवलंस."

दादा स्वतः तालुक्याच्या गावांत फिरले. मानवत, सेलू, पाथरी, जिंतूर. प्रत्येक मोबाईलच्या दुकानात गाणं देऊन आले, फुकट.

"काका, आमची गाणी का वाटतो म्हणून लोक माझ्याकडं भांडायला येतात," पवन म्हणाला. "फुकट वाटायला तुम्हीच आलात."

*

पहिला फोन पूर्णेहून एका बाईचा आला.

"खरंच तुमचा नंबर हाय का बघायला लावला," ती म्हणाली. "माझं लेकरू तुमच्या गाण्याबिगर झोपतच नाही. आता आकडे बी बोलायला लागलंय. अठ्ठ्याण्णव म्हणता येत नाही, अत्त्याण्णव म्हणतंय."

आई भिंतीला टेकून कितीतरी वेळ तिच्याशी बोलत राहिली. दात आले का, मेतकूट-भात देता का. फोन ठेवल्यावर तिनं तो पदरानं पुसला आणि फळीवर ठेवला.

मग पाथरीची सुपारी आली. खरी. समाजमंदिराच्या पायाभरणीची. रंगनाथमामा टेम्पोवाल्याला निरोप देऊन आले की चार दिवस थांब. त्या कार्यक्रमात आई गायला उभी राहिली आणि मागून कुणीतरी ओरडलं, "नंबरवाल्या बाई आल्या." लोक हसले, टाळ्या वाजल्या. दादा पेटीवर मान डोलवत होते. त्यांनी माझ्याकडं असं बघितलं की, बघ, म्हणलं होतं ना.

त्यानंतर दुसरेच फोन यायला लागले.

पहिला मीच उचलला. आई भाकरी थापत होती, दादा बाहेर.

"झोप येईना," माणूस म्हणाला. मागं दोघातिघांचं हसणं. "दोन ओळी म्हणा की."

"कोण पाहिजे?"

"तू कोण? तिची पोरगी का? मग तूच झोपव."

आईनं पिठाच्या हातानं माझ्या कानापासून फोन काढून घेतला. कानाला लावून ऐकत राहिली. मग बंद केला. फोनवर तिच्या बोटांचे पांढरे ठसे उठले होते, ते तिनं पुसले नाहीत.

दिवसातून किती यायचे ते सांगता येणार नाही. काही नुसते श्वास घ्यायचे. काही गाण्याची ओळ ऐकवायचे आणि पुढं घाणेरडं बोलायचे. दादांनी ठरवलं की फोन फक्त ते उचलतील. ते नेहमी एकच वाक्य म्हणायचे, "जय भीम, माणिक खिल्लारे गायन पार्टी." पुरुषाचा आवाज ऐकला की काही जण ठेवून द्यायचे. काही म्हणायचे, मालक, बाईला द्या.

"बंद करा तो," आई म्हणाली.

"एप्रिल तोंडावर आलाय, कौसा."

"येऊ द्या."

"शंभरातला एक फोन खरा असंल. तोच चुकला तर?"

"आणि नव्व्याण्णव?"

"ते मी ऐकतो ना," दादा म्हणाले. "तुला कुठं ऐकायला लावतो?"

आईनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं. "आवाज माझा हाय त्याच्यात," ती म्हणाली. "ते मलाच बोलत्यात."

दादांनी फोन बंद केला नाही. आईनं पुन्हा सांगितलं नाही. पण घरात काम करताना ती गुणगुणायची, ते थांबलं. मला ते उशिरा लक्षात आलं, भांडी घासायचा आवाज एवढा मोठा का वाटतोय म्हणून.

*

हिवरटेकचा माणूस फोनवर आधी 'जय भीम' म्हणाला. त्यामुळंच दादांचा विश्वास बसला. त्यानं तीन वेळा फोन केला. कलाकार किती, पेटी-ढोलकी तुमची की आम्ही बघायची, सुरुवात वंदनेनं करू, जेवण वस्तीत. एकदा त्यानं आईचंही विचारलं, पण नीट. "ताई स्वतः येणार ना? लोक त्यांच्यासाठीच येणारेत."

आईनं निळी साडी काढली. कव्हरवरची. तिला इस्त्री केली तांब्यात निखारे घालून. मी तिच्या केसांना गजरा लावला. आरशात बघताना तिनं घसा साफ केला आणि खालच्या पट्टीत एक ओळ म्हणून बघितली. दादा दारात जोडे घालत होते. ते ऐकून तसेच वाकलेले राहिले, ओळ संपेपर्यंत.

जीपनं आम्ही दुपारी निघालो. हिवरटेकला पोचलो तेव्हा ऊन उतरलं होतं. विहाराला कुलूप होतं. मांडव नाही, खुर्च्या नाहीत. पताका होत्या, पण त्या जुन्या, एका बाजूनं तुटून खांबाला गुंडाळलेल्या. विहारासमोर एक म्हातारी झाडत होती. रस्ताभर गुलाल आणि फुटलेले प्लास्टिकचे ग्लास.

"जयंतीचा कार्यक्रम कुठंय, आजी?" दादांनी विचारलं.

"कोणची जयंती?"

"इथली."

"झाली की," म्हातारी म्हणाली. "काल झाली. डीजे आणला होता पोरांनी. कान फुटायचे राहिले नुसते."

दादांनी तिथंच उभं राहून त्या माणसाला फोन लावला. फोन बंद होता. पुन्हा लावला. मग त्यांनी मोबाईल डोळ्यांजवळ धरून नंबर नीट बघितला, जसं काही चुकीचा आकडा दाबला असेल.

"तुम्ही कोण?" म्हातारीनं विचारलं.

"गायन पार्टी."

"अरे देवा," ती म्हणाली. तिनं झाडू बाजूला ठेवला आणि आईच्या साडीकडं बघितलं. "एवढ्या लांबून आलाव. पाणी तरी घ्या. आन् आलाच हाव तर म्हणा चार गाणी. आम्ही बाया बसतो की. आमच्या बारीकपणी पार्टी यायची तवा सकाळ व्हायची गाणी ऐकता ऐकता."

दादांचा चेहरा उजळला. "कौसा," ते म्हणाले. "पेटी काढतो. चार गाणी."

आई काही म्हणणार तेवढ्यात पारावरून आवाज आला. तिथं चारपाच पोरं बसली होती. त्यातल्या एकानं मोबाईल लावला होता. आधी ढोल, मग शिट्टी, मग कुणीतरी इंग्रजीत ओरडलं, डीजे विकी. मग आई.

*अठ्ठ्याण्णव बावीस, अठ्ठ्याण्णव, अठ्ठ्याण्णव बावीस.* धाड धाड धाड. *बा-बा-बा-बावीस.* मधे एकदाच 'नीज' आलं, तेही चिरडून, आणि पुन्हा आकडे.

आई पाराकडं चालत गेली. आम्ही तिच्या मागं.

"हे काय हाय रे?" तिनं विचारलं.

"नंबरवालं गाणं मावशी." पोरगं उठून उभं राहिलं, मोठ्या माणसासमोर राहतात तसं. "काल मिरवणुकीत लई वाजलं. सगळे नाचले याच्यावर."

"पुढचं गाणं कुठंय?"

"पुढं काय नाही. एवढंच हाय."

"कोण बाई हाय ही, ठाव हाय का?"

"कुणी तरी हाय." त्यानं मित्रांकडं बघितलं, ते हसू दाबत होते. "आम्ही लावतो कधी कधी फोन. एक म्हातारा उचलतो. बाई येत नाही."

रंगनाथमामा पुढं झाले. आईनं त्यांचा दंड धरला. पोरांना कळलं नाही. तिच्या अंगावरची निळी साडी त्यांनी कधी बघितलीच नव्हती. त्यांच्याकडं कव्हर पोचलंच नव्हतं.

"गाडीत बसा," आई म्हणाली.

"कौसा, ती आजी बायांना बोलवायला गेली," दादा म्हणाले. "चार गाणी म्हणू. त्यांनी काय केलंय?"

"काही नाही केलं."

"मग?"

"माझ्यानं व्हायचं नाही," आई म्हणाली आणि जीपमध्ये मागं जाऊन बसली, गजऱ्यासकट.

म्हातारी दोन बायांना घेऊन परत येत होती. एकीच्या कडेवर बाळ होतं. आमची जीप वळली तेव्हा त्या तिघी रस्त्यात उभ्या होत्या, आणि म्हातारीच्या हातात पाण्याचा तांब्या तसाच होता.

फाट्याला लागेपर्यंत अंधारून आलं होतं. ढोलकी रंगनाथमामांच्या मांडीवर होती, आणि खड्डा आला की ती आपोआप वाजायची. मामा तिच्यावर हात ठेवून तिला गप्प करायचे.

मग फोन वाजला.

दादांनी तो खिशातून काढला आणि हातात धरून ठेवला. वाजू दिला. बंद झाला. पुन्हा वाजला. मला वाटलं ते आज उचलणार नाहीत. त्यांनी उचलला.

"जय भीम, माणिक खिल्लारे गायन पार्टी."

फोनचा आवाज मोठा होता. जीपमध्ये सगळ्यांना ऐकू आलं.

"बाईला द्या की."

दादा बाहेर बघत होते. शेतात कुणीतरी पालापाचोळा पेटवला होता. त्याचा उजेड त्यांच्या गालावर हलत होता.

"बाई नाहीत."

"कुठं गेल्या?"

"वारल्या," दादा म्हणाले.

ड्रायव्हरनं आरशातून मागं बघितलं. आई माझ्या शेजारी होती. तिचा खांदा माझ्या खांद्याला लागलेला, तो हललासुद्धा नाही.

पलीकडं हसणं थांबलं. कुणीतरी कुणाला तरी गप्प राहायला सांगितलं.

"काय म्हणता काका," तो म्हणाला. आवाजच बदलला. "कधी?"

"आजच."

"माफ करा. खरंच माफ करा. आम्हाला काय ठाव." थोडं थांबून तो म्हणाला, "लई गोड गात होत्या हो. माझ्या बहिणीच्या लेकराला आम्ही तेच गाणं लावतो." आणि मग, "नाव काय होतं त्यांचं?"

तोपर्यंत त्या फोनवर हे कुणीच विचारलं नव्हतं.

"कौसल्या," दादा म्हणाले. "कौसल्या माणिक खिल्लारे."

त्यांनी फोन मांडीवर उलटा ठेवला. आईकडं वळून बघायचं धाडस त्यांना झालं नाही.

"बरं केलं सांगितलं," ती म्हणाली. तिनं गजरा सोडवला आणि माझ्या ओंजळीत ठेवला.

*

दुसऱ्या दिवशी दादा प्रत्येक फोनला तेच सांगायला लागले. बातमी गाण्यासारखीच पसरली, कुणाकडून कुणाला ते कळलं नाही. चौथ्या की पाचव्या दिवशी सिराजभाई परभणीहून आले. डोक्याला रुमाल, हातात हार. दारात आई ज्वारी पाखडत होती. ते जोडा हातात घेऊन तसेच उभे राहिले. आई म्हणाली, "या सिराजभाई, चहा टाकते." ते ओसरीवर बसले आणि रुमालात तोंड घालून लहान पोरासारखे रडले. हार मात्र त्यांनी पिशवीतून बाहेर काढला नाही, जाताना परत नेला.

पार्टी मोडली. रंगनाथमामा टेम्पोवर गेले. आई जिनिंगला जायला लागली. संध्याकाळी यायची तेव्हा भुवयांवर कापूस असायचा, आणि खोकला. दादांनी पेटी विकली नाही, पण उघडलीही नाही. मी बारावीला असताना ते गेले. तोवर तो नंबर रिचार्ज न केल्यानं बंद पडून दुसऱ्या कुणाचा तरी झाला होता.

आता माझी मुलगी सात महिन्यांची आहे. ती दुपारी झोपते, तेवढ्यात मी हे लिहिते. तिच्यासाठी आई माझ्याकडं येऊन राहिली आहे. ती तिला न्हाऊ घालते, धुरी देते, मांडीवर घेऊन थोपटते. गात नाही. थोपटण्याची लय मात्र तीच आहे, स्टुडिओतली.

मागच्या आठवड्यात मला मोबाईलवर ती अंगाई सापडली. कुणीतरी घरातली जुनी कॅसेट उतरवून टाकलेली. घरघर खूप, पण सगळी. नंबर नसलेली. चित्राच्या जागी कव्हरचा फोटो, निळ्या साडीतला, आणि वर ठळक अक्षरात: 'कालकथित गायिका कौसल्याताई खिल्लारे यांची अजरामर अंगाई. कवी: माणिक खिल्लारे.' कालकथित म्हणजे वारलेली.

मी आईला बोलावलं. ती बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. मी मोबाईल तिच्यासमोर धरला. पहिलं कडवं, दुसरं, तिसरं. तिसऱ्यानंतर गाणं तुटलं नाही. *माणिक म्हणे लेकरा.* आईचा थोपटणारा हात थांबला. *कौसा गाते तोवर, दिवा हाती धरून.* मग पुन्हा सुरू झाला.

खाली लोकांनी लिहिलेलं मी तिला वाचून दाखवलं. 'ताईंना विनम्र अभिवादन.' 'आमची पिढी या आवाजावर झोपली.' 'असा आवाज पुन्हा होणे नाही.' 'काय बाई होती.'

"किती लोक आहेत गं," ती म्हणाली.

"लिहू का?" मी विचारलं. "की तू आहेस. माझ्याजवळ बसलीस म्हणून. इथंच लिहिते, सगळे वाचतील." माझ्या अंगठ्यानं लिहायला सुरुवातही केली होती. *त्या माझ्या आई आहेत, आणि त्या*

आईनं बाळाच्या कानावर पदर ओढला.

"नको, करुणा," ती म्हणाली. "जिती हाय म्हणलीस तर नंबर मागतील."

मी लिहिलेलं पुसलं.